'उसकी रोटी' : चलत्प्रतिमा आणि विचारप्रक्रिया

प्रस्तावना :
चित्रपट विचार सांगतो की प्रेक्षकाला विचार करावयास लावतो, हा प्रयोगशील चित्रपटाच्या समीक्षेतील मूलभूत प्रश्न आहे. सर्गेई आयझेन्स्टाइन यांनी 'ऑक्टोबर' (१९२८) मध्ये त्याचे ठाम उत्तर दिले. देव आणि देशाच्या नावाने दिलेल्या घोषणेचा उपहास करताना त्यांनी ख्रिस्ताच्या मूर्तीपासून आदिम लाकडी मूर्तीपर्यंतच्या देवप्रतिमा एकापाठोपाठ एक मांडल्या. प्रतिमांच्या संघर्षातून अमूर्त अर्थ जन्मतो, ही त्यामागील भूमिका होय. तथापि येथे निष्कर्ष दिग्दर्शकाने आधीच ठरविलेला असतो. प्रेक्षकाने तेथवर पोहोचावयाचे, एवढेच उरते.

विवेचन :
मणि कौल हे पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ऋत्विक घटक यांचे विद्यार्थी होते. घटकांना आयझेन्स्टाइनविषयी मोठा आदर होता. शिष्याने मात्र वेगळी वाट धरली. मोहन राकेश यांच्या कथेवरील 'उसकी रोटी' (१९६९) मध्ये पंजाबातील बालो बसचालक पतीसाठी रोटी घेऊन रस्त्यावर ताटकळत उभी राहते. बाह्य घटना जवळजवळ एवढीच.

या चित्रपटासाठी २८ आणि १३५ मिलिमीटरची दोनच भिंगे वापरण्यात आली. पहिल्यात जवळचे व दूरचे दोन्ही स्पष्ट दिसते; दुसऱ्यात एकच स्तर स्पष्ट राहून भोवताल पुसट होतो. सुरुवातीस ही भिंगे बालोचे प्रत्यक्ष आणि कल्पित जीवन वेगवेगळे सुचवितात. पुढे ही वाटणी मोडते. पती आला की तो येण्याची केवळ कल्पना होती, हे निश्चित सांगता येत नाही. वाट पाहणाऱ्या मनातही भीती, आठवण आणि वस्तुस्थिती यांच्या सीमा अशाच पुसट होतात. येथे प्रतिमा बालोच्या विचाराचे वर्णन करीत नाही. त्या विचाराची गती प्रेक्षकाच्या अनुभवास आणून देते.

अर्थात या पद्धतीसही मर्यादा आहे. भिंगांचे तंत्र ठाऊक नसलेल्या प्रेक्षकास ही योजना उमगेलच असे नाही, आणि अनिश्चिततेचे रूपांतर निव्वळ दुर्बोधतेत होण्याचा धोका राहतो. परंतु योजना न उमगताही प्रतीक्षेचा ताण जाणवतो, हे या कलाकृतीचे यश मानावे लागेल.

समारोप :
आयझेन्स्टाइन प्रेक्षकाच्या बुद्धीस दिशा देतात, तर कौल तिला अवकाश देतात. चित्रपटाचा अभ्यास केवळ कथानक आणि आशयापुरता ठेवल्यास हा भेद नजरेतून निसटतो. बालोची कथा चार ओळींत सांगता येते. तिची प्रतीक्षा मात्र पाहावीच लागते.