त्लोनमधील नाणी आणि प्रत्यभिज्ञेचा प्रश्न

अर्जेंटिनाचे कथाकार होर्हे लुईस बोर्हेस यांची ‘त्लोन, उक्बार, ऑर्बिस टर्शियस’ ही कथा १९४० सालच्या मे महिन्यात ब्वेनोस आयरेसच्या ‘सुर’ या नियतकालिकात प्रसिद्ध झाली. एका गुप्त मंडळाने ज्ञानकोश रचून त्लोन नावाचे एक संपूर्ण जगच कल्पिले आहे, अशी तिची भूमिका. त्या जगाची भूमिती, विज्ञान, साहित्य हे सर्व कथेत येते. परंतु अभ्यासकाने थांबून पाहावा असा भाग म्हणजे तेथील दर्शन. त्लोनचे लोक जन्मतःच चिद्वादी आहेत. वस्तू मनाहून स्वतंत्रपणे टिकून राहते, ही आपली सहज समजूत त्यांना अनाकलनीय वाटते. बर्क्लीला जे युक्तिवादाने सिद्ध करावे लागले ते तेथे व्यवहारज्ञान ठरते, आणि जडवाद हे पाखंड.

या दर्शनाचे मूळ बोर्हेस यांनी भाषेत दाखविले आहे, आणि येथे वाचक सहसा शंका न घेता पुढे जातो. त्लोनच्या दक्षिण गोलार्धातील भाषांत नामे नाहीत. अकर्तृक क्रियापदे आणि त्यांना जोडले जाणारे क्रियाविशेषणात्मक उपसर्ग व प्रत्यय एवढ्यावर काम भागते. तेथे ‘चंद्र’ नाही, ‘चंद्रावणे’ आहे. उत्तर गोलार्धात मूळ घटक एकाक्षरी विशेषण. विशेषणांची रास केली की वस्तूचा निर्देश होतो. नाम नाही म्हणून द्रव्य नाही, असा हा अन्वय. योगायोग असा की बेंजामिन ली व्होर्फ यांचा ‘सायन्स अँड लिंग्विस्टिक्स’ हा लेख त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये छापला गेला. भाषेची घडण विचाराची घडण ठरविते, हे मत पुढे सर्वतोमुखी झाले आणि विद्यार्थ्यांच्या प्रबंधांतून आजही ते सिद्धान्ताच्या थाटात वावरते. अमुक भाषेत अमुक शब्द नाही, सबब तिच्या भाषकांना ती कल्पना नाही, असे लिहिताना पुराव्याची गरज कोणास वाटत नाही.

मराठी भाषकाला तरी ती वाटावयास हवी. ‘उजाडले’, ‘सांजावले’, ‘मला मळमळते’ ही वाक्ये पाहावीत. यांत निराळा कर्ता नाही; क्रियेचा भाव हाच कर्ता मानून आपल्या व्याकरणकारांनी अशा क्रियापदांस भावकर्तृक म्हटले. त्लोनच्या दक्षिणेकडील भाषेचा हा नमुनाच होय. पण ‘सांजावले’ म्हणणारा शेतकरी गोठ्यातील बैलाचे अस्तित्व नाकारीत नाही. उलट त्याला वैरण टाकावयास उठतो. उत्तरेकडील भाषेचेही तेच. ‘धाकटी आली’ या वाक्यात विशेषण कर्तृपदी बसले की ते नामाचेच काम करते. रूप हद्दपार केले तरी कार्य मागल्या दाराने परत येते. संस्कृताचा दाखला याहून बोलका आहे. सर्व नामे धातूंपासून निघाली हे शाकटायनाचे मत यास्काने ‘निरुक्ता’त स्वीकारले, गार्ग्याची हरकतही नोंदविली; पण या वादातून कोणी पदार्थांचा अभाव काढला नाही. आणि त्याच नामसंपन्न भाषेत वसुबंधूने ‘विंशतिका’ लिहून बाह्यार्थ नाकारला.

तेव्हा त्लोनच्या दर्शनाची कसोटी त्याच्या व्याकरणात नसून युक्तिवादात आहे. अकराव्या शतकातील एका पाखंडप्रवर्तकाने जडवाद पटविण्यासाठी एक दृष्टान्त रचला. मंगळवारी निर्जन रस्त्यावर एकाची तांब्याची नऊ नाणी हरवतात; गुरुवारी दुसऱ्याला तेथे चार सापडतात, बुधवारच्या पावसाने किंचित गंजलेली; शुक्रवारी तिसऱ्याला तीन सापडतात, आणि पहिल्याला उरलेली दोन स्वतःच्याच घरात. मधल्या काळात कोणी पाहत नसतानाही नाणी होतीच, हे त्यास दाखवावयाचे होते. सनातन्यांनी उत्तर दिले की ‘हरवणे’ आणि ‘सापडणे’ हे शब्दच साध्य गृहीत धरतात. पावसाचा उल्लेख तर सरळ लबाडी, कारण गंजावयास नाणे मधल्या वेळी असावे लागते.

भारतीय दर्शनांच्या अभ्यासकाला हा वाद परका नाही. ‘हा तोच देवदत्त’ या प्रत्यभिज्ञेच्या बळावर नैयायिक व मीमांसक वस्तूचे स्थायित्व मांडीत. क्षणिकवादी बौद्ध उत्तर देत की दिव्याची ज्योत, कापून पुन्हा वाढलेले केस, हेही आपण ‘तेच’ म्हणून ओळखतो. सादृश्यामुळे एकत्वाचा भ्रम होतो. त्लोनच्या सनातन्यांचा रोख हाच आहे, आणि एवढ्यापुरती त्यांची बाजू भक्कम आहे. गंजाचा मुद्दा मात्र निराळा. तेथे ओळख नसून कार्यावरून कारणाचे अनुमान आहे. बौद्धांजवळ यालाही उत्तर होते: नाणे टिकत नाही, पण एक क्षण पुढच्या क्षणास जन्म देतो, आणि गंज त्या प्रवाहात उतरतो. त्लोनवासीयांनी ही सोय आपल्याच हाताने घालविली आहे. क्षितिजावरचा धूर, मग पेटलेले रान, मग ती आग लावणारी अर्धवट विझलेली सिगार, यांत ते कार्यकारणभाव पाहत नाहीत. केवळ कल्पनांचे साहचर्य पाहतात. धूम आणि वह्नी यांची व्याप्तीच ज्याने सोडली, त्याला गंजलेल्या नाण्यासमोर ‘शब्दच्छल’ म्हणण्यावाचून दुसरे काय सुचणार?

शंभर वर्षांनी तेथील एका विचारवंताने तोडगा काढला. ज्ञाता एकच आहे, अविभाज्य. तिसऱ्याला नाणी सापडतात ती पहिल्याची हरवल्याचे त्याला स्मरते म्हणून. तोडगा बुद्धिमान खरा, पण महाग. काहीच टिकत नाही म्हणणाऱ्यांनी अखेर टिकणारे काही स्वीकारले. वस्तूऐवजी ज्ञाता, इतकाच फरक. ब्रह्मसूत्रभाष्याच्या दुसऱ्या अध्यायात शंकराचार्यांनी क्षणिकवाद्यांना हाच पेच घातला होता: पूर्वी पाहिलेले आता आठवते, तर पाहणारा आणि आठवणारा एक हवा. त्लोनचे दर्शन अशा रीतीने वसुबंधूच्या अंगणातून निघून वेदान्ताच्या उंबरठ्याशी येते, आणि तेथील भाषा मात्र होती तीच राहते. ही भाषा तो दृष्टान्त नीट मांडूच देत नाही, बहुतेकांना तो कळलाच नाही, असे निवेदक सांगतो. परंतु ज्यांनी शब्दाशब्दावर बोट ठेवून त्याचे खंडन केले, त्यांना तो कळला असलाच पाहिजे.

ही विसंगती बोर्हेस यांच्या ध्यानात आली नसेल असे मानणे कठीण आहे. १९४० मध्ये छापलेल्या या कथेला १९४७ सालचे ताजा कलम जोडलेले आहे, आणि त्यात त्लोनमधील वस्तू पृथ्वीवर येऊ लागतात. त्यांपैकी एक म्हणजे फाशाएवढ्या व्यासाचा चकचकीत धातूचा शंकू. मेलेल्या माणसाच्या कमरपट्ट्यातून तो गळून पडतो, काही नाण्यांसह. मुलाला तो उचलत नाही, मोठ्या माणसाला जेमतेम उचलतो. निवेदकाच्या तळहातावर त्याचा गोल वळ उमटतो, आणि शंकू काढून घेतल्यावरही भार जाणवतच राहतो.