पिग्मॅलियन : शिल्प, शब्द आणि चित्रपट

साहित्याला शिल्पाचे आकर्षण प्राचीन काळापासून वाटत आले आहे. रोमन कवी ओव्हिड याच्या ‘मेटामॉर्फोसेस’च्या दहाव्या सर्गातील पिग्मॅलियनची कथा हे त्याचे ठळक उदाहरण होय. शिल्पकाराचे स्वतः कोरलेल्या हस्तिदंती मूर्तीवर प्रेम जडते आणि व्हीनसच्या कृपेने ती सजीव होते. मात्र तेथे या मूर्तीला ना नाव आहे, ना वाचा. ‘गॅलेटिया’ हे नाव तिला फार नंतर मिळाले. ही वाचा हाच जॉर्ज बर्नार्ड शॉ यांच्या ‘पिग्मॅलियन’ (१९१३) या नाटकाचा विषय आहे. छिन्नीची जागा येथे ध्वनिशास्त्र घेते. पु. ल. देशपांडे यांच्या ‘ती फुलराणी’ (१९७५) या रूपांतराच्या शीर्षकातून तर शिल्पकारच नाहीसा होतो.

अँथनी अ‍ॅस्क्विथ व लेस्ली हॉवर्ड दिग्दर्शित ‘पिग्मॅलियन’ (१९३८) या चित्रपटाच्या पटकथेसाठी शॉ यांना इतर लेखकांसमवेत ऑस्कर मिळाले. मूळ नाटकात रंगमंचावर न येणारा नृत्यसमारंभ चित्रपटात प्रत्यक्ष दिसतो. तेथे एलायझाची संयत, जवळजवळ निश्चल मुद्रा पाहताना ओव्हिडची कथा उलटी झाल्याचे जाणवते : मूर्तीची स्त्री होण्याऐवजी जिवंत फुलवालीचीच मूर्ती झालेली असते. हे शब्दांनी सांगावे लागत नाही, कॅमेराच ते दाखवतो.

जॉर्ज क्यूकर यांच्या ‘माय फेअर लेडी’ (१९६४) मध्ये अ‍ॅस्कॉटच्या शर्यतीचे दृश्य याहून मार्मिक आहे. काळ्यापांढऱ्या वेषातील उच्चभ्रू मंडळी पुतळ्यांसारखी थिजून उभी राहतात. घोड्याला उद्देशून बेभानपणे ओरडणारी एलायझाच काय ती सजीव. गंमत अशी की, पडद्यावरील ऑड्री हेपबर्नची बहुतांश गाणी मार्नी निक्सन यांच्या आवाजात आहेत. म्हणजे वाचेची ही कथा उसन्या आवाजावर उभी आहे.

शेवटाच्या बाबतीत मात्र दोन्ही चित्रपट कचरतात. एलायझा हिगिन्सशी नव्हे, फ्रेडीशी विवाह करते, असे शॉ यांनी १९१६ च्या उत्तरकथनात निक्षून लिहिले होते. तरीही पडद्यावर ती परतते आणि हिगिन्स सपाता कुठे आहेत, असे विचारतो. शॉ यांनी मूर्तीला शिल्पकाराच्या घरातून बाहेर पडण्याची मोकळीक दिली होती; चित्रपटाने तिला पुन्हा त्याच्या दिवाणखान्यात आणून ठेवले.