माहिती उघडी झाली, पोचली कुठं?

ग्रंथालयाचं काम बदललं असं आपण सगळीकडे ऐकतो. पूर्वी पुस्तकं राखायची, आता माहिती वाटायची. मी वऱ्हाडापुरतं विचारतो: वाटली कोणाला?

अकोल्याचं डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठ १९६९ चं. कापूस, तूर, संत्रा यांवरचे तिथले प्रबंध आता ‘कृषिकोश’वर सापडतात, अमरावती विद्यापीठाचे ‘शोधगंगा’वर. तेही फुकट आणि घरबसल्या. पूर्वी प्रबंध पाहायचा तर विद्यापीठात जाऊन, तिथंच बसून टिपणं काढावी लागत. हा बदल मोठाच आहे, त्याला मी नावं ठेवणार नाही.

पण बघा, हे वाटप संशोधकांनी संशोधकांसाठी केलेलं आहे. शेतीचे प्रबंध बहुतेक इंग्रजीत, शोधायचे शब्दही इंग्रजीत. दर्यापूरकडचा कास्तकार विचारणार, ‘बोंडात अयी पडली राजेहो, आता काय फवारू?’ या प्रश्नाला तिथं जागा नाही.

२०१७ च्या खरिपात गुलाबी बोंडअळीनं विदर्भाचा कापूस खाल्ला. त्याच हंगामात यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेनं वीसहून अधिक माणसं गेली. वाचनालयामुळं ती वाचली असती, असं मी म्हणत नाही. कारणं अनेक होती. पण अशा वेळी गावात सल्ला कोण देतो? बहुधा औषधाचा दुकानदार. म्हणजे ज्याला डबा विकायचा, तोच सल्लागार!

गावोगावी वाचनालयं आहेत. १९६७ च्या महाराष्ट्र सार्वजनिक ग्रंथालय कायद्यानं त्यांना मान्यता, अनुदान आणि अ, ब, क, ड असे वर्ग दिले. ग्रंथालय कर मात्र लावला नाही, त्यामुळं सगळी भिस्त अनुदानावर. आणि अनुदानासाठी मोजायचं काय, तर पुस्तकं, सभासद, नियतकालिकं. किती लोकांच्या प्रश्नाला उत्तर मिळालं, हे कोण मोजतं? रंगनाथन यांनी १९३१ मध्येच वाचकाचा वेळ वाचवणं हे ग्रंथालयाचं कर्तव्य ठरवलं होतं. आपण अजून कपाटं मोजतोय.

विद्यापीठ मराठीतही पुस्तिका काढतं, मेळावे घेतं. मग फवारणीच्या आधी त्यातलं एकच पान वाचनालयाच्या फळ्यावर लागायला काय हरकत आहे? अळी कशी ओळखायची, कोणती औषधं एकत्र करू नयेत, वारा कोणत्या बाजूनं असावा. ज्याला वाचता येत नाही, त्याला ग्रंथपालानं ते वाचून दाखवावं. एवढं झालं, तर ग्रंथालय बदललं असं मी म्हणेन.