हलगी शेकावी लागते

'फँड्री'तला (2013) सर्वांत जिव्हारी लागणारा संगीताचा क्षण चित्रपटाच्या संगीतकाराने रचलेलाच नाही. डुकरामागे धावणारं नायक जब्याचं कुटुंब शाळेतून राष्ट्रगीत ऐकू येताच जागच्या जागी खिळतं. आलोकनंदा दासगुप्ता यांचं पार्श्वसंगीत त्या क्षणाला आणि जब्याच्या हलगीला कुठे दडपत नाही. अजय-अतुल यांचं गाजलेलं गाणं प्रसिद्धीपुरतं होतं, चित्रपटात ते नाही. दिग्दर्शक नागराज मंजुळे यांचा कान किती पक्का आहे, ते इथे कळतं.

स्वतंत्र मराठी चित्रपटाचं संगीत जिथे उभं राहिलं, तिथे ते पात्रांच्या जगातून आलं. चैतन्य ताम्हाणे यांच्या 'कोर्ट'मध्ये संभाजी भगत यांची शाहिरी मंचावर, माणसांसमोर घडते. दर 1 जानेवारीला आमच्या शिरूर तालुक्यात कोरेगाव भीमाला जी भीमगीतं कानावर येतात, त्यांच्याच कुळातलं ते गाणं. ताम्हाणे यांच्याच 'द डिसायपल'चं (2020) संगीत अनीश प्रधान यांचं, आणि नायक आदित्य मोडक मुळात गायक. रात्रीच्या रस्त्यावर मोटरसायकल, मागे तानपुरा आणि सुमित्रा भावे यांच्या आवाजातली, गुरुस्थानी असलेल्या माईंची शिकवण. एवढ्यावर त्या तरुणाची सगळी घुसमट उभी राहते.

याआधी भास्कर चंदावरकरांनी 'सामना'पासून (1975) 'श्वास'पर्यंत (2004) वाट घालून दिली होती. तरीही आज बरेच छोटे चित्रपट पावसाच्या दृश्यावर पियानो टाकून मोकळे होतात. पैसा चित्रीकरणातच संपतो, संगीतकाराला शेवटी बोलावतात. तोवर संकलकाने एखाद्या परदेशी चित्रपटाची धून तात्पुरती लावलेली असते, दिग्दर्शकाचा जीव तिच्यावर जडलेला असतो. मग मागणी एकच, 'अगदी असंच द्या.' गावाचं दृश्य आलं की संगणकातली तयार हलगी. ती कायम एकाच सुरात, कोरडी ठणठणीत. खरी हलगी दमट हवेत ढिली पडते, वाजवणारा ती पाचटाच्या जाळावर शेकतो आणि चढवत नेतो. तो चढता नाद तयार नमुन्यात सापडत नाही.

असा जिवंत नाद ऐकायचा तर शिरूरहून न्हावरामार्गे दक्षिणेला गेलं की दौंड तालुक्यातला चौफुला लागतो. तिथल्या कलाकेंद्रांत पेटी, ढोलकी आणि बैठकीची लावणी आजही जिवंत आहे. सावित्री मेधातुल यांच्या 'नटले तुमच्यासाठी' या माहितीपटाने अशा संगीतबारीतल्या बायकांचं म्हणणं त्यांच्याच तोंडून ऐकवलं. कथापटांनी मात्र लावणीचा ठसका तेवढा उचलला. पेटीवाल्याची लय, दोन लावण्यांमधली कुजबुज त्यांच्या कानाआडच राहिली.

दिग्दर्शकांनो, संकलनाला बसण्याआधी, पटकथा हातात असतानाच संगीतकाराला घेऊन इकडे या. आठ दिवस नुसतं ऐका. जे वाजवतील त्यांना ठरलेलं मानधन द्या, आणि श्रेयनामावलीत 'लोकवादक' असं मोघम न लिहिता त्यांची नावं लिहा.