कार्पेंटर, जॉन

कार्पेंटर, जॉन : (१६ जानेवारी १९४८– ). अमेरिकन चित्रपट-दिग्दर्शक, पटकथाकार व संगीतकार. जन्म न्यूयॉर्क राज्यातील कार्थेज येथे. वडील संगीताचे प्राध्यापक. अल्प भांडवलावरील स्वतंत्र भयपट व विज्ञानपट हे त्याचे प्रमुख क्षेत्र. ‘डार्क स्टार’ (१९७४) या चित्रपटात दिग्दर्शन, निर्मिती, संगीत आणि डॅन ओबॅननसह पटकथालेखन अशी कामे त्याने सांभाळली. ‘असॉल्ट ऑन प्रीसिंक्ट १३’ (१९७६) चे संकलनही त्याचेच. मात्र तेथे त्याने ‘जॉन टी. चान्स’ हे हॉवर्ड हॉक्सच्या ‘रीओ ब्राव्हो’ (१९५९) मधील नायकाचे नाव धारण केले.

‘हॅलोवीन’ (१९७८) सुमारे ३ लाख डॉलरांत तयार झाला. निराळा संगीतकार परवडण्यासारखा नसल्याने ते कामही त्याने स्वतःकडेच ठेवले; परंतु ही काटकसरच चित्रपटाचे बलस्थान ठरली. वडिलांनी बाँगोवर शिकविलेल्या पाच मात्रांच्या लयीवर बेतलेली पियानोची स्वराकृती पुनःपुन्हा ऐकू येते, तेव्हा निर्जन रस्ताही भयावह वाटू लागतो. तथापि या चित्रपटास एकट्या कार्पेंटरची निर्मिती मानणारी समीक्षा एकांगी होय. सहलेखिका व निर्माती डेब्रा हिलने लिहिलेले मुलींचे स्वाभाविक संवाद आणि डीन कंडीचे संथपणे सरकणारे छायालेखन नसते, तर त्या संगीताला आधारच उरला नसता. ‘द थिंग’ (१९८२) हा त्याचा सर्वांत घट्ट बांधणीचा चित्रपट. त्याची पटकथा बिल लँकेस्टरची, तर संगीत मुख्यत्वे एन्यो मॉर्रीकोनेचे आहे.