वकिलाचे चरित्र कसे वाचावे?

माझगावच्या माथारपाखाडीत १८६४ साली जन्मलेल्या जोसेफ ऊर्फ काका बॅप्टिस्टांचे नाव आपल्या समाजात अभिमानाने घेतले जाते. के. आर. शिरसाट यांनी १९७४ साली त्यांचे इंग्रजी चरित्र प्रसिद्ध केले. त्या ग्रंथाच्या शीर्षकातच काकांना होमरूल चळवळीचे जनक म्हटले आहे. टिळकांच्या होमरूल लीगचे १९१६ मधील पहिले अध्यक्ष काकाच होते; तेव्हा हा गौरव अस्थानी नव्हे. आमची तक्रार आहे ती आपल्या चरित्रवाचनाविषयी. नेता दिसू लागला की त्याच्यामागील वकील आपल्या नजरेआड होतो.

१९०८ सालचा टिळकांवरील राजद्रोहाचा खटलाच घ्या. टिळकांनी स्वतःचा बचाव स्वतः केला, आणि वाचक त्यांच्या दीर्घ भाषणाकडेच वळतो. परंतु त्याआधीचा एक प्रसंग आम्हांस तितकाच मोलाचा वाटतो. सरकारने विशेष ज्युरीची मागणी केली आणि काकांनी तिला विरोध केला. आरोप होता 'केसरी'तील मराठी लेखांवर, आणि विशेष ज्युरीत बहुमत होणार होते मराठी न जाणणाऱ्या युरोपियनांचे. न्यायमूर्ती दावर यांनी हा विरोध मानला नाही. सात युरोपियन व दोन पारशी ज्युरींनी सातास दोन असा कौल दिला आणि टिळकांना सहा वर्षांची शिक्षा झाली. मुंबईच्या गिरणगावाने सहा दिवस संप करून आपले उत्तर दिले. काकांची हरकत फेटाळली गेली खरी. पण माणसाच्या शब्दांचा न्याय ते शब्द न कळणाऱ्यांनी करावा काय, हा त्या खटल्याचा गाभा तिच्यातच होता.

दुसरा प्रसंग १९१० सालचा. नाशिक कटाच्या खटल्यात काका सावरकरांच्या बाजूने उभे राहिले. काकांचा मार्ग सनदशीर, तर अशिलावर आरोप बादशहाविरुद्ध युद्ध पुकारल्याचा. या दोहोंना देशभक्तीच्या एकाच धाग्यात ओवणे सोपे आहे. परंतु तसे केल्याने खरा प्रश्न निसटतो: ज्याचा मार्ग आपला नाही, त्याच्यासाठीही न्याय मागावा काय? काकांनी तो मागितला. निकाल जन्मठेपेचाच लागला.

महापौरपद, कामगार चळवळ, लीगचे अध्यक्षपद यांची यादी आपल्या गौरवलेखांत नेहमी असते; हरलेल्या या दोन खटल्यांवर मात्र आपण एखादे वाक्य खर्च करतो. वकिलाचे मोठेपण निकालावरून मोजायचे नसते. त्याने कोणता प्रश्न न्यायासनापुढे उभा केला, हे चरित्रात शोधावे.

टिळक खटल्याचे वृत्त न. चिं. केळकरांनी ग्रंथरूपाने प्रसिद्ध केले होते. आपल्या धर्मग्रामांच्या वाचनालयांनी ते मिळवून काकांच्या चरित्राशेजारी ठेवावे. त्यात काकांचा भाग थोडाच आहे. तो मात्र सावकाश वाचावा.