वध की खून? गांधीहत्येचे मराठी लेखन

महात्मा गांधींच्या खुनाचा कट मराठी मुलखात शिजला. आरोपींपैकी बहुतेकांची बोलभाषा मराठी होती आणि खुनानंतर सर्वांत मोठी जाळपोळही महाराष्ट्रातच झाली. तेव्हा या घटनेचा हिशेब इतर कुणापेक्षा मराठी साहित्याने अधिक चोख ठेवायला हवा होता. तो ठेवला गेला का, हे पाहण्यासाठी आम्ही मराठीतली काही पुस्तके आणि उर्दूतल्या दोन नज्मा एकत्र वाचल्या. आम्ही उर्दू शाळेत शिकवतो, त्यामुळे दोन्ही भाषांच्या उंबऱ्यावर उभे राहून वाचण्याची सवय आहे. या वाचनात आमचे लक्ष आधी गेले ते शब्दांकडे.

गोपाळ गोडसे यांच्या पुस्तकाचे मराठी नाव ‘गांधीहत्या आणि मी’. तेच पुस्तक हिंदीत गेले तेव्हा त्याचे नाव झाले ‘गांधी वध और मैं’. हत्या आणि वध यांत अंतर किती, हे मराठी शाळेत शिकलेल्या मुलाला सांगावे लागत नाही. वध कंसाचा होतो, कीचकाचा होतो, अफजलखानाचा होतो. ज्याचा वध होतो तो पापी असतो आणि जो करतो तो धर्मकृत्य करतो. एका शब्दातच खटला चालतो, निकाल लागतो आणि आरोपी निर्दोष सुटतो. हिंदी नाव देणाऱ्याला हे ठाऊक नव्हते असे मानायला आम्ही तयार नाही.

या शब्दाला मराठीत जुना इतिहास आहे. २२ जून १८९७ रोजी पुण्यात चापेकर बंधूंनी रँडवर गोळी झाडली. २१ डिसेंबर १९०९ रोजी नाशिकच्या नाट्यगृहात, ‘शारदा’ नाटकाच्या वेळी, अनंत कान्हेरे यांनी कलेक्टर जॅक्सनला मारले. खाडिलकरांच्या ‘कीचकवधा’त प्रेक्षकांना कर्झन दिसत होता, म्हणून तर इंग्रज सरकारने १९१० मध्ये ते नाटक बंद केले. परक्या राज्यकर्त्याला मारणाऱ्याचे मराठी मनाला कौतुक होते आणि त्या काळात ते समजण्यासारखेही होते. पण हातात शस्त्र नाही, सत्तेचे पद नाही, दोन नातींच्या खांद्यांवर हात टाकून प्रार्थनेला निघालेला ७८ वर्षांचा म्हातारा आणि रँड यांना एकाच शब्दाने झाकायचे, ही पुढची चलाखी. जुन्या कौतुकाच्या भांडवलावर नवा खून खपवला गेला.

गोपाळ गोडसे यांचे पुस्तक १९६७ चे. हिंदू-मुसलमानांत वैर वाढवते या कारणाने सरकारने ते जप्त केले आणि १९६९ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ती जप्ती रद्द केली. निकालाबद्दल आमची तक्रार नाही. पुस्तक जप्त केल्याने त्यातला युक्तिवाद मरत नाही, त्याला फक्त गुपिताची चव येते. प्रदीप दळवी यांच्या ‘मी नथुराम गोडसे बोलतोय’ या नाटकाचेही तेच झाले. १९९८ मध्ये ते आले, काही दिवसांतच त्यावर बंदी आली, २००१ मध्ये उच्च न्यायालयात सरकारची बाजू टिकली नाही, आणि बंदीमुळे नाटकाला जी प्रसिद्धी मिळाली ती त्याच्या गुणांनी मिळवून दिली असती असे वाटत नाही.

नाटक म्हणून त्यात मूळचाच एक दोष आहे. त्याचा कणा आहे तो नथुरामने ८ नोव्हेंबर १९४८ रोजी लाल किल्ल्यातल्या कोर्टात वाचलेले निवेदन. ते निवेदन आणि नंतरचे अपिलातले भाषण हीच मुळात नाटके होती. अपील ऐकणाऱ्या न्यायमूर्तींपैकी गो. दा. खोसला यांनी पुढे लिहून ठेवले की भाषण संपले तेव्हा कोर्टात सुन्न शांतता होती, बायकांच्या डोळ्यांत पाणी होते आणि त्या दिवशीच्या प्रेक्षकांना ज्युरी केले असते तर त्यांनी मोठ्या बहुमताने आरोपीला निर्दोष ठरवले असते. खोसलांचे हे वाक्य नथुरामचे चाहते मोठ्या अभिमानाने सांगतात. आम्हाला ते उलट वाटते. न्यायाधीश सांगतो आहे की भाषण आणि न्याय या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. न्यायाधीशाकडे साक्षीपुरावा होता, प्रेक्षकांकडे फक्त आवाज होता. नाटककाराने न्यायाधीशाची खुर्ची काढून घेतली आणि प्रेक्षकांना तेवढे ठेवले.

आवाजाखाली काय दडले ते पाहावे. पाकिस्तानला ५५ कोटी देण्याच्या हट्टापायी गांधींना मारावे लागले, असे सांगितले जाते. मंत्रिमंडळाने ते पैसे देण्याचा निर्णय घेतला १५ जानेवारी १९४८ रोजी. नथुरामने आपल्या आयुर्विम्याची वारसनामे केली १३ आणि १४ जानेवारीला. पुण्यात गांधींच्या ताफ्यावर बाँब पडला होता २५ जून १९३४ रोजी, तेव्हा ना पाकिस्तान होते ना ५५ कोटी. य. दि. फडके यांचे ‘नथुरामायण’ आणि जगन फडणीस यांचे ‘महात्म्याची अखेर’ या पुस्तकांनी कागदपत्रांच्या आधारे या प्रचाराला उत्तर दिले. त्यांचे ऋण मानावे तेवढे थोडे. पण उत्तर ग्रंथालयात राहिले आणि प्रश्न रंगमंचावर टाळ्या घेत राहिला. त्या तोडीचे नाटक मराठी रंगभूमीने उभे केले नाही.

आणि एक गोष्ट या सगळ्या वादात हरवली आहे. गांधी त्या जानेवारीत दिल्लीत करत काय होते? १३ तारखेला त्यांनी उपोषण सुरू केले आणि १८ तारखेला सोडले. ते सुटावे म्हणून दिल्लीच्या पुढाऱ्यांनी जी लेखी हमी दिली तिच्यात ५५ कोटींचा शब्दही नाही. तिच्यात आहे ते हे: मेहरौलीला ख्वाजा कुत्बुद्दीन बख्तियार काकी यांचा उर्स नेहमीप्रमाणे भरेल, सब्जीमंडी, करोलबाग, पहाडगंज भागांत मुसलमानांना निर्धास्त फिरता येईल, बळकावलेल्या मशिदी परत मिळतील, घर सोडून गेलेल्यांना परत येता येईल, मुसलमानांवर आर्थिक बहिष्कार राहणार नाही. आणि हे पोलिस-लष्कराच्या जोरावर नव्हे, आमच्या प्रयत्नांनी होईल. उपोषण सुटले तेव्हा फळांच्या रसाचा पेला मौलाना आझादांनी हातात दिला. दोन दिवसांनी, २० तारखेला, प्रार्थनासभेत बाँब फुटला. तरी २७ तारखेला गांधी त्या दर्ग्यात उर्साला गेले, तिथली मोडतोड डोळ्यांनी पाहिली, आणि तीन दिवसांनी गेले. कोर्टातल्या भाषणावर अख्खे नाटक उभे राहते. या उर्सावर मराठीत एखादा प्रवेश तरी असायला हवा होता.

व्यंकटेश माडगूळकरांची ‘वावटळ’ मात्र मराठी साहित्याची लाज राखते. दिल्लीतली गोळी पुण्यात बातमी होऊन येते आणि खेड्यात आग होऊन पोचते, एवढीच तिची गोष्ट. पुण्याहून आपल्या गावाकडे निघालेली ब्राह्मण तरुण मुले वाटेत जळलेली घरे बघत जातात. खून करणारा ब्राह्मण, म्हणून घरे ब्राह्मणांची. ज्याचे घर जळते त्याने कदाचित गांधींसाठी उपासही केला असेल. जमाव ते विचारत नाही. इतिहास सांगतो की पुणे, सातारा, सांगली, कोल्हापूर या पट्ट्यात हे झाले, कोल्हापूरचा भालजी पेंढारकरांचा स्टुडिओही जळाला आणि पुष्कळ कुटुंबांनी गाव कायमचे सोडले. माडगूळकर आवाज चढवत नाहीत. कुणाला राक्षस करत नाहीत, कुणाकडून माफीही मागून घेत नाहीत. जमावात ओळखीची माणसे आहेत, हेच त्या लेखनातले भय.

ही कादंबरी मुसलमान वाचकाने आपली म्हणून वाचावी असे आम्हाला वाटते. एकाच्या गुन्ह्यासाठी जातीला, जमातीला धरायचे म्हणजे काय, हे आपल्याला कुणी समजावून द्यायला नको. ३० जानेवारीच्या त्या संध्याकाळी मारेकऱ्याचे नाव कळेपर्यंत या देशातल्या किती घरांत श्वास रोखले गेले असतील! माउंटबॅटन बिर्ला भवनात पोचले तेव्हा गर्दीतून कुणी ओरडले की मारणारा मुसलमान आहे, आणि त्यांनी स्वतःला ठाऊक नसतानाही तो हिंदू असल्याचे ठणकावून सांगितले, असे सांगतात. रेडिओनेही मारेकरी हिंदू आहे हे मुद्दाम सांगितले. त्या एका शब्दाने आपली घरे वाचली. पण मारेकऱ्याची जात कळली तेव्हा सांगली-साताऱ्याची घरे वाचली नाहीत. १९८४ साली इंदिरा गांधींच्या मारेकऱ्यांचा धर्म कळला आणि एकट्या दिल्लीत सरकारी आकड्यानेच २,७३३ माणसे मारली गेली. आपले घर वाचले म्हणून शेजारच्या आगीकडे पाठ करून बसणारा वाचक ‘वावटळ’च्या लायकीचा नाही.

खुनाने देशाचे सार्वजनिक जीवन बदलले, हे खरे. दिल्लीतल्या दंगली ओसरल्या. ४ फेब्रुवारी १९४८ रोजी संघावर बंदी आली, ती जुलै १९४९ मध्ये उठली. ३ एप्रिल १९४८ रोजी संविधान सभेने जातीय संघटनांना राजकारण करू देऊ नये असा ठराव केला. बापूंच्या रक्ताने द्वेषाची आग विझली, असे आम्ही शाळेच्या भाषणांतून दर ३० जानेवारीला ऐकतो. मुलांना ते ऐकायला बरे वाटते. पण त्याच वर्षी सप्टेंबरात हैदराबादेत पोलिस ॲक्शन झाली. आधी रझाकारांनी जुलूम केले होते, ते कुणी लपवू नयेत. नंतर मराठवाड्यात आणि शेजारच्या भागात साध्या मुसलमानांवर जे गुदरले तेही लपवू नये. पंडित सुंदरलाल आणि काझी अब्दुल गफ्फार यांच्या समितीने मृतांचा अंदाज २७ ते ४० हजार दिला. उस्मानाबाद, नांदेड, बीदर आणि गुलबर्गा हे सर्वांत जास्त पोळलेले जिल्हे. अहवाल कित्येक दशके कुलुपात राहिला. रक्ताने आग विझते हे वाक्य दिल्लीपुरते खरे असेल, उस्मानाबादपर्यंत ते पोचले नाही. तिथे उपोषणाला बसायला कुणी उरले नव्हते.

उर्दूकडे वळावे तर तिथे दुःखाला तोटा नाही. मजाजची ‘सानेहा’ आणि आनंद नारायण मुल्ला यांची ‘महात्मा गांधी का कत्ल’ या दोन नज्मा आम्ही शेजारी ठेवतो. दोघांच्या शीर्षकांतच दोन वाटा आहेत. सानेहा म्हणजे कोसळलेला आघात; त्याला कर्ता लागत नाही. वीज पडली तरी सानेहा, पूर आला तरी सानेहा. कत्ल म्हटले की कातिल आला, विचारणे आले. मुल्ला पुढे अलाहाबाद उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती झाले, म्हणून त्यांना हा शब्द सुचला असे म्हणणे गमतीचे होईल, पण शब्द त्यांनी अचूक धरला. एकूण उर्दू शायरी मात्र सानेहाच्या वाटेने गेली. मर्सियाची आपली परंपरा एवढी पिकलेली आहे की शहीद म्हटले की अश्रू तयारच असतात. शमा विझली, काफिला लुटला, एवढे म्हणून नज्म मोकळी होते. ही आमच्या भाषेची दौलत आहे, आणि तिची उणीवही. मराठीने खुन्याला बोलू दिले तर उर्दूने मेलेल्यासाठी रडून घेतले. सुरक्षेत कुचराई कुणाची, हा बोचरा प्रश्न मौलाना आझादांनी विचारला तो शायरीत नव्हे, ‘इंडिया विन्स फ्रीडम’च्या गद्यात, आणि तेव्हा पटेलांसारख्या सहकाऱ्यालाही सोडले नाही.

मराठीत एका माणसाने त्या वेळी शोक आणि काम यांची सांगड घातली. खुनानंतर साने गुरुजींनी २१ दिवसांचे उपोषण केले आणि १५ ऑगस्ट १९४८ रोजी ‘साधना’ साप्ताहिक सुरू केले. ‘इस्लामी संस्कृती’ हे पुस्तक लिहिणारा हा माणूस. समीक्षक त्यांना बाळबोध म्हणून बाजूला ठेवतात. पण गांधींच्या खुनातून मराठीत थेट जन्मलेली आणि टिकलेली वस्तू शोधायला गेलो तर आम्हाला ‘वावटळ’ आणि ‘साधना’ या दोनच सापडतात.

त्याच ‘साधना’चे संपादक डॉ. नरेंद्र दाभोलकर यांच्यावर २० ऑगस्ट २०१३ रोजी सकाळी पुण्यात, फिरायला गेले असताना, गोळ्या झाडल्या गेल्या. खटल्याचा निकाल लागायला मे २०२४ उजाडला. दोघांना जन्मठेप झाली, तिघे सुटले. मधल्या काळात, फेब्रुवारी २०१५ मध्ये, कोल्हापुरात गोविंद पानसरे यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या आणि चार दिवसांनी ते गेले. नथुरामचे उदात्तीकरण चालले आहे, असे ते शेवटच्या दिवसांत जाहीरपणे सांगत होते. ‘मुस्लिमांचे लाड’ ही त्यांची लहानशी पुस्तिका आमच्यापैकी अनेकांच्या घरी आहे.